हळू मार

१८ नोव्हेंबर १९९०, रविवार

आलो एकदाचे चेण्याला. टेम्पोवाल्याने घोडबंदर रोडवर दोनदा गाडी थांबवून विचारलं, पुढे खरंच घर आहे ना बाई. मी हसले. गिरगावातल्या दोन खोल्यांत लग्न झाल्यापासून कोपरं आपटत राहिलेल्या बाईला ओटा, विहीर आणि मागे अख्खा डोंगर मिळाल्यावर ती हसणार नाही तर काय करणार. उत्तमच्या वडिलांनी, काशीनाथरावांनी, शिकारीला येऊन राहण्यासाठी हे बैठं घर बांधलं होतं. शिकारबंदी झाल्यावर ते बंदच होतं. आता उत्तमने नोकरी सोडली, आणि मी हट्टाने किल्ली घेतली.

नणंद सुलू शांती नगरात राहते, चौथ्या मजल्यावर. तिचं म्हणणं, लोक जंगल सोडून बिल्डिंगीत येतायत आणि वहिनी तुम्ही उलट्या निघालात, वेड लागलंय का. मी म्हटलं, तुझ्याकडे पाणी चढत नाही, माझ्याकडे विहीर आहे.

कामाला पाड्यावरची गिरिजा मिळालीय. तोंडाने फटकळ आहे. माझं आणि तिचं जमेल.

सासूबाई होत्या तोवर मी नवऱ्याला अहो म्हणायचे. आज विहिरीवरून उत्तम अशी खणखणीत हाक मारली, तर तो बादली सोडून हसत बसला. फार दिवसांनी असा हसला.

२२ नोव्हेंबर

आज बंदुकांचं कपाट लावलं. लावलं म्हणजे त्याने लावलं, मी फडका धरून उभी. लायसन्स वडिलांनंतर ह्याच्या नावावर झालंय. हा स्वतः रायफल क्लबवाला. कागदाच्या चकत्यांवर नेम धरून पदकं आणतो, पण आजवर कावळासुद्धा मारलेला नाही. गिरगावात झुरळ मारायलाही मलाच बोलवायचा.

दोन रायफली आहेत. एक मोठी, तिला तो तीनशे पंचाहत्तर म्हणतो. तिची गोळी माझ्या मधल्या बोटापेक्षा लांब. दुसरी हॉर्नेट, हलकी, देखणी, सासरे तिच्याने ससे नि कोंबडे मारायचे. तिची गोळी पेन्सिलीच्या तुकड्याएवढी. मी म्हटलं मोठी कशाला, फुशारकी मारायला? तर तासभर व्याख्यान. मोठ्या जनावराला मोठीच गोळी लागते. ताकद दाखवायला नाही, ते उभं असेल तिथेच आडवं व्हावं, त्याला कळूही नये म्हणून. लहान गोळीने जखमी झालेलं जनावर आठवडे मरत राहतं आणि दिसेल त्याला घेऊन मरतं. मी म्हटलं, म्हणजे मारण्यातही तुमची माणुसकी. तो म्हणाला, मारण्यातच लागते. मला ते तेव्हा पुस्तकी वाटलं.

३० नोव्हेंबर

मी त्याला पाहिलं. दुपारी कपडे वाळत घालत होते. विहिरीच्या कठड्यावर बिबट्या बसला होता, उन्हात, आपलंच घर असल्यासारखा. मी ओरडले नाही. त्याने माझ्याकडे पाहिलं, जांभई दिली, शेपटीचं टोक एकदा हललं. मग उतरून ओढ्याकडे गेला. घाई नाही, काही नाही. एवढं सुंदर काही मी जन्मात पाहिलेलं नाही.

गिरिजाला सांगितलं तर तिने कपाळावर हात मारला. बाय, वाघ हाय त्यो, मांजार न्हाय. गेल्या पंधरवड्यात पाड्यावरचा एक म्हातारा त्यानेच नेला म्हणे. मला खरं वाटेना. खरं तर मला खरं वाटून घ्यायचं नव्हतं.

९ डिसेंबर

गिरिजाच्या बहिणीची पोर गेली. चार वर्षांची. झोपडीच्या दारात खेळत होती.

मी गेले होते पाड्यावर. जे सापडलं ते लुगड्यात बांधून ठेवलं होतं, आणि ते गाठोडं किती लहान होतं. आई रडत नव्हती, नुसती चुलीत काटक्या घालत होती, चुलीवर काहीच नव्हतं. घरी येऊन मी दोन दिवस जेवले नाही.

११ डिसेंबर

नरभक्षक ठरवून मारायचा परवाना आला. जंगल खात्याचे साहेब स्वतः घरी आले. जवळपास मोठी रायफल आणि बिनचूक नेम असलेला माणूस उत्तमच. तो आधी नाहीच म्हणत होता. गिरिजा ओट्यावर बसली होती. ती नुसती त्याच्याकडे बघत राहिली. मग तो हो म्हणाला.

१२ डिसेंबर

सासऱ्यांच्या घराण्यात एक रीत आहे. शिकारीची गोळी घरच्या बाईने ओंजळीत द्यायची, आणि दिलेली गोळी पुरुषाने बदलायची नाही. ती शिकार संपेपर्यंत तीच गोळी आणि तिचीच रायफल. सासूबाई कुंकू लावून द्यायच्या. उत्तमने दोन्ही खोकी माझ्यापुढे ठेवली आणि म्हणाला, चल सुचेता, मोठी दे.

मी लहान दिली.

तो बघतच राहिला. मी म्हटलं, तो मरायला हवा हे मलाही कळतं. पोर मीही पाहिलीय. पण ते तोंड फुटलेलं मला बघवणार नाही. तू एवढी पदकं आणलीस ना, कानामागे एकच मार. मारायचंच आहे तर हळू मार. त्याने खूप समजावलं. म्हणाला, हळू म्हणजे लहान नव्हे गं, हळू म्हणजे लवकर. मी रडायला लागले. मग त्याने ती गोळी कपाळाला लावली आणि खिशात ठेवली. साहेबांनीही बजावलं की हे हत्यार या जनावराला पुरणार नाही. तो म्हणाला, नेम माझा आहे.

माझ्यासाठी म्हणाला तसं. मी जिंकल्यासारखी चहा टाकायला गेले.

१३ डिसेंबर

संध्याकाळी बार ऐकला. एकच. मी देवापुढे उभी होते.

उत्तम आला तो पांढराफटक. घोडा ओढला त्याच क्षणी बिबट्याने मान वळवली. कानामागे लागायची ती गोळी खालच्या जबड्यात बसली. जबडा लोंबत होता, म्हणाला. तसाच पळाला. मोठी असती तर कुठेही लागली असती तरी तिथेच पडला असता, हे तो बोलला नाही. मीच मनात बोलले.

१४ डिसेंबर

ज्याने रक्त काढलं त्यानेच शेवटपर्यंत जायचं, हीसुद्धा त्यांचीच शिस्त. पहाटे निघालाय. मी मोठी रायफल हातात घेऊन दारात आडवी उभी राहिले, पाया पडले. तो म्हणाला, दिलेली बदलत नाहीत. बापाची शिस्त अंगात मुरलेली, ऐकणार कुठला. मी म्हटलं, मी चुकले, मी परत घेते. तर माझ्या गालाला हात लावून गेला.

१६ डिसेंबर

उत्तम जिवंत आहे. करवंदीच्या जाळीतून बाजूने आला बिबट्या. जबड्याने धरता येत नव्हतं, म्हणून नुसत्या पंजांनी. पोट आणि मांडी. बरोबरच्या जंगल खात्याच्या गार्डांनी हवेत बार काढून सोडवलं. मोठ्या इस्पितळात टाके घातले. शुद्धीवर येऊन पहिलं विचारलं ते हेच, की पडला का. मी खोटं सांगितलं, हो. त्याने मान हलवली. नाही पडला, मला माहीत आहे, म्हणाला.

२३ डिसेंबर

घरी आणलं. त्याचाच हट्ट. ते जनावर पडेपर्यंत दुसरीकडे राहणार नाही म्हणतो. जंगल खात्याने ओढा पिंजून काढला, मिळालं नाही. आत जाऊन मेला असेल म्हणाले. जबडा मोडलेलं जनावर खाऊ शकत नाही, पाणीही नीट पिऊ शकत नाही, किती टिकणार. हे साहेब मला धीर द्यायला सांगत होते.

भाईंदर पश्चिमेचे डॉक्टर स्कूटरवरून ड्रेसिंगला येतात. जखमेला वास सुटलाय. वाघनखांचं विष असतं, म्हणाले. परत इस्पितळात हलवा. उत्तमने पलंगाचा दांडा जो धरला तो सोडेना.

२६ डिसेंबर

दुपारी ओढ्याकडून कण्हणं ऐकू आलं. डरकाळी नव्हे. दुखण्याने कण्हतात तसं, लांब, मध्येच तुटणारं. मी भांडी तशीच टाकून ओट्यावर गेले. जिवंत आहे तो. दोन आठवडे झाले, अजून मरतोय.

घरात वळले तर उत्तमही कण्हत होता. तसाच, त्याच सुरात. तिकडचं थांबलं की इकडचं थांबायचं. आधी मला वाटलं डोंगरावरून आवाज परत येतोय.

२८ डिसेंबर

आज चमच्याने पेज भरवत होते. सगळी तोंडाच्या कडेने ओघळली. परत भरवली, परत तेच. त्याचा जबडा खाली लोंबतोय. त्याला तोंडाला काहीच लागलेलं नाही. पोट आणि मांडी, बस्स. डॉक्टरांनी हात लावून पाहिलं, हाड ठीक आहे म्हणाले. मग तोंड का मिटत नाही? ते पैसेही न घेता गेले.

मी टॉवेलने त्याची हनुवटी बांधली. तो माझ्याकडे बघत होता. डोळ्यांत राग असता तर बरं झालं असतं.

३० डिसेंबर

सुलू आली होती, रिक्षा थांबवूनच. भावाला बघून रडली, घेऊन जाते म्हणाली. तिने हात लावताच तो असा काही गुरगुरला की ती पायरीवरून मागे पडली. माझ्याकडे बघेना. तशीच रिक्षात बसली.

गिरिजाही आता येणार नाही. सकाळी दारातूनच बोलली. विहिरीपाशी माग हाय, एक पाय घासत आलाय. मांडी तर उत्तमची फाटलीय. आणि मग म्हणाली, घरात पण एक हाय, बाय. तिच्या घरची पोर त्याने खाल्ली, तरी तिला त्याची कीव आली होती. असं कुणालाच मारू नये, म्हणाली.

१ जानेवारी १९९१

पाणीही जात नाही. बोळा भिजवून ओठांवर धरते.

तिकडे तो विहिरीशी येतो. पाण्याचा वास येत असणार. पिता येत नाही. मग कण्हतो. मग हा कण्हतो—

माझंच आहे हे सगळं. माझ्या ओंजळीतून गेलं. मला फुटलेलं तोंड बघायचं नव्हतं, आता दोन बघतेय.

२ जानेवारी

बोलला. जबडा हाताने वर धरून, एकेक अक्षर. मोठी दे, म्हणाला.

मी विचारलं, कोणाला.

त्याने दाराकडे बघितलं, मग स्वतःकडे.

नाही म्हटलं मी. मी तुला बरं करीन. सकाळी अँब्युलन्स बोलावते, बांधून नेते. तो रडत होता. मीही.

३ जानेवारी

गेले नाही. फोनसाठी काशिमिऱ्याच्या नाक्यापर्यंत जावं लागतं, आणि रस्त्यात तो बसलाय. भर दुपारी. नुसती कातडी उरलीय. जबड्यात किडे. त्याने माझ्याकडे पाहिलं. तेच डोळे, कठड्यावरचे. काही करणार नव्हता मला. वाट बघत होता—

परत फिरले.

४ जानेवारी

मोठी रायफल उचलली. जड आहे. उत्तमने एकदा हसत शिकवलं होतं, खांद्याला घट्ट, श्वास अर्धा सोडायचा.

एक मेला तर दुसरा सुटेल की दुसराही जाईल— कोणाला विचारू.

तो झोपला असं वाटलं की बाहेरचंही गप्प. दोघांना एकदमच डोळा लागतो. त्याच्या कपाळावर हात ठेवला. उत्तम, मी तुझं ऐकायला हवं होतं रे. एवढंच म्हणत बसले सबंध दिवस.

५ जानेवारी

मागच्या ओट्यावर आलाय. दाराला अंग घासतोय. ऊन आहे, फटीतून सावली दिसते.

आत सांगायला गेले. पलंग रिकामा. टॉवेल जमिनीवर. मागच्या दाराची कडी आतून काढलेली— चालता येत नव्हतं त्याला—

हाक मारली. दोनदा.

बाहेरचं कण्हणं आता एकच आहे. इतके दिवस दोन होती, एक बाहेर, एक आत. एकच.

फटीतून बघायचं नाही. बघितलं तर हात चालणार नाही. जो कोणी असेल त्याला दुखतंय, आणि तो माझ्याच दारात आलाय.

मोठी भरली. खांद्याला घट्ट. उत्तम, तू असलास तर— तू नसलास तरी—

दार ढकलतोय. हळूच. घरच्या माणसासारखं. मी उघड