दोन विधुर, एक कॅरॅव्हॅन आणि पिवळा स्कार्फ

३ मार्च
नशीब उघडलं! 'दोन विधुर, एक कॅरॅव्हॅन' या माझ्या विनोदी मालिकेचा पहिला भाग स्टुडिओत, खऱ्या प्रेक्षकांसमोर रेकॉर्ड होणार. चॅनेलच्या हिलरी मार्चबँक्स बाईंना आवडला तर अख्खी मालिका. स्क्रिप्ट वाचून बाई म्हणाल्या, 'व्हेरी इंटरेस्टिंग.' बायको ग्लेनिस म्हणाली, माझी आईसुद्धा शेजारणीच्या केकला असंच म्हणते आणि हळूच तो पर्समध्ये सारते. ग्लेनिसला लेखनातलं कळत नाही. पिवळा रेशमी स्कार्फ घेतला. लेखक लांबून ओळखू आला पाहिजे.

५ मार्च
स्विंडनहून मेहुण्याचा, इद्रिसचा फोन. दाजी, माझ्या गालिच्यांच्या दुकानात माणूस हवाय, येताय का? मी म्हटलं, बक्षीस समारंभाला एक लाल गालिचा तेवढा पाठवून दे. तो खूप हसला. जरा जास्तच. ग्लेनिसने मात्र शब्द घेतला: या वेळी मालिका मिळाली नाही, तर मुकाट्याने गालिचे विकायचे. दिला शब्द. माझ्या बापाचं काय जातं!

१२ मार्च
तालीम. मुख्य नटाने विचारलं, यात लोकांनी हसायचं नेमकं कुठे? मी म्हटलं, सगळीकडे. तो बराच वेळ पानं उलटत बसला.
हिलरीबाई निघताना म्हणाल्या, आपण एकदा जेवायला भेटायलाच हवं हं! मी लगेच विचारलं, मंगळवारी? बाई हातातलीच डायरी पर्समध्ये शोधू लागल्या. कामाचा ताण, दुसरं काय.

१९ मार्च, संध्याकाळ. स्टुडिओबाहेरचा कॉरिडॉर.
आत बसवेना. दाराला कान लावून उभा आहे. दारावरचा लाल दिवा लागला की रेकॉर्डिंग चालू. विझला की सेट बदलणार.
लाल दिवा लागला. शांतता. लोक मन लावून ऐकताहेत.
दिवा विझला आणि हशाचा स्फोट! माझा विनोद जरा उशिरा पोचतो. खोल असतो ना.
पुन्हा तेच! दिवा असेपर्यंत टाचणी पडली तरी ऐकू येईल, विझला की छप्पर उडतंय. आपले प्रेक्षक सभ्य. नटांना अडथळा नको म्हणून हसू दाबून धरतात बिचारे.
राहवलं नाही. दिवा विझल्यावर दार किलकिलं करून डोकं आत घातलं. सगळे वळून माझ्याकडे बघायला लागले आणि पोट धरधरून हसले. टाळ्यासुद्धा! मी स्कार्फ हलवून अभिवादन केलं. आणखी हसले. माझ्या डोळ्यांत पाणी आलं.

२० मार्च
काल ग्लेनिस आत पहिल्या रांगेत होती. विचारलं, कसं झालं? म्हणाली, चहा घे. फार आनंद झाला की तिला शब्द सुचत नाहीत.

२६ मार्च
हिलरीबाईंनी खरंच जेवायला बोलावलं! कँटीनमध्ये. म्हणाल्या, मालिका मंजूर. मी उठून उभाच राहिलो. त्या म्हणाल्या, बसा, रॉनीची मालिका.
रॉनी स्प्रॅग म्हणजे सेट बदलेपर्यंत प्रेक्षक पेंगू नयेत म्हणून त्यांना गमती सांगणारा इसम. त्या दिवशी दिवा विझला रे विझला की तो एकच गोष्ट पुढे रंगवायचा: बाहेर एक लेखक दाराला कान लावून उभा आहे. तुम्ही हसलात की त्याला वाटतं, आपल्याच विनोदाला हसले. आणि नेमकं मी डोकं आत घातलं.
आता त्या लेखकावर मालिका. विधुर रद्द. बाईंनी विचारलं, तो स्कार्फ मिळेल का?
वाईट वाटलं, खूप वाईट वाटलं. पण जिवंतपणी स्वतःवर मालिका, हे किती लेखकांना लाभतं?
घरी आलो तर ग्लेनिस स्कार्फला इस्त्री करत होती. बाईंनी आधी तिलाच विचारलं होतं.

७ एप्रिल, स्विंडन
दुकानातला पहिला दिवस. जिन्यासाठी गालिचा बघायला एक बाई आल्या. मापं घेता घेता त्यांना सगळी कथा सांगितली. दिवा, दार, स्कार्फ. बाई इतक्या हसल्या की गुंडाळीवर बसकण मारावी लागली. हा हशा माझाच! शंकाच नाही. आजपासून नवी मालिका लिहायला घेणार.
सहज मागे वळून पाहिलं. इद्रिस गळ्यात गालिच्याची पिवळी झालर अडकवून, गोदामाच्या दाराला कान लावून उभा होता.