तळलेल्या आइस्क्रीमचे सहा गोळे

धाकटे,

मासिक वाचलं. ‘तळलेलं आइस्क्रीम: माझा स्वतःचा शोध’! फोटोत हसतेयस तू, अंगात ॲप्रन मात्र माझा. केसाने गळा कापलास गं.

आज मासिकवाले शूटिंगला येणार, म्हणून सहा गोळे फ्रीझरमध्ये तयार ठेवलेत. ब्रेडच्या चुऱ्याचा थर दोनदा दिलाय. तू छापलंयस तसा एकदाच दिला, तर गोळा कढईत फुटून तेल अंगावर उडतं. माझ्या मनगटाला विचार. तेल कडकडीत तापव, दहा आकडे मोजून गोळा काढ.

मी मावशीकडे चाललेय. फोन करू नकोस.

कुणी विचारलंच, “हे शिकताना कधी भाजलं का?” तर नाही म्हण. तेवढं तरी खरं बोल.

ताई