कैची कोणत्या धोकटीत

नाना, पत्र लिहायला फार उशीर केला, रागावू नका. तुम्ही होता तेव्हा महिन्याला एक कार्ड टाकायचं ठरलं होतं. तेही मी चार-चार महिन्यांनी टाकायचो आणि त्यात 'इकडे सर्व खुशाल' यापलीकडे काही नसायचं. चौथीपर्यंतच्या शिक्षणात तेवढंच बसत होतं. आता तुम्ही जाऊन पंचवीस वर्षं होत आली आणि मला चार कागद भरून लिहायचं सुचलंय. आज सोमवार, दुकान बंद. सुरतेत येऊनही आपल्या लोकांनी सुटी सोमवारचीच ठेवली आहे. शटरचं कुलूप दोनदा ओढून पाहिलं, गॅसचं बटण पाहिलं, सून म्हणाली, "मामा, मी बंद केलंय ना," तरी पुन्हा पाहिलं आणि मग बसलो. मला तुम्हाला एकच गोष्ट विचारायची आहे. पण ती एकदम विचारली तर तुम्ही पुढचं ऐकून घेणार नाही, म्हणून आधी सगळं सांगतो.

धंदा नीट चालू आहे. हे मी खुशालीच्या कार्डातल्यासारखं लिहीत नाही, खरंच चालू आहे. तुम्ही इथे लिंबायतला एकदाच आलात तेव्हा पत्र्याचं खोपट होतं, एक लाकडी खुर्ची होती. तुम्ही त्या खुर्चीत बसायलाच तयार नव्हता. "मी काय साहेब शे का?" म्हणालात आणि खाली फरशीवर मांडी घालून बसलात. मीही तुमच्यासमोर उकिडवा बसलो आणि गावच्या पद्धतीने तुमची दाढी केली. बाकावर बसलेली लूमवरची पोरं बघत राहिली होती. आता तीन खुर्च्या आहेत, गोल फिरणाऱ्या. समोरासमोर आरसे आहेत, माणसाला स्वतःची मान मागून दिसते. तुमच्या वेळी वर्षाचं बलुतं ठरलेलं, कोणी कितीदा डोकं पुढे केलं ते कोणी विचारत नव्हतं, आणि रुसून जायचं म्हटलं तरी गावात दुसरा न्हावी नव्हता. इथे रुसलेला माणूस चार पावलं चालला की दुसऱ्याच्या खुर्चीत बसतो. म्हणून माणसाला काय हवं आहे ते त्याने सांगायच्या आधी ओळखावं लागतं. ते मला येतं. भीतीने म्हणा पण येतं.

मध्ये इथे रोगाची मोठी साथ आली होती. अर्धी वस्ती गावाला पळाली, आम्हीही पळालो. परत येऊन दुकान उघडलं तर पहिलंच गिऱ्हाईक खुर्चीत बसायच्या आधी म्हणालं, "काका, नवी पत्ती. माझ्यासमोर पुडी फोडा." त्या दिवशी मी ओळखलं की आता वस्तरा पट्ट्यावर घासून भागणार नाही. दर माणसाला नवी अर्धी पत्ती, धुतलेला रुमाल, पाण्यात जंतू मारायचं औषध. दाढीचा भाव वाढवला. मला वाटलं होतं लोक ओरडतील, पण एकजणही बोलला नाही. भाजीवाल्याशी चार आण्यांसाठी भांडणारा माणूस स्वतःच्या गालासाठी भांडत नाही. पांडेसऱ्याच्या डाइंगमध्ये काम करणारी पोरं येतात, नखांत रंग बसलेला असतो, पण खिशात शांपूची पुडी असते. मुलगी बघायला जायचं असलं की तोंडाला मलम लावून घेतात, वाफ घेतात. म्हातारे केस काळे करायला येतात आणि 'बायकोने पाठवलं' असं खोटं सांगतात. काहींनी घरी दाढी करायला यंत्र आणलं, तेवढी गिऱ्हाइकं गेली. पण माणूस घरच्या घरी दाढी करू लागला की महिन्याने मानेमागचे केस घेऊन येतोच, हात तिथे पोचत नाही. भीती आणि हौस, नाना. या दोन पायांवर आमचा धंदा उभा आहे आणि दोन्ही पाय सध्या मजबूत आहेत.

तुमच्या नातवाने वस्तरा हातात धरला नाही, तो बमरोलीला मिलमध्ये आहे. पण सून तयार निघाली. तिने दोन महिने शिकून मागच्या खोलीत बायकांचं पार्लर काढलं. दोरा दातात धरून भुवया अशी कोरते की मी पडद्याच्या फटीतून पाहून थक्क झालो आणि तिने मला हाकललं. हळूहळू तिला शहरातल्या बंगल्यांवर बोलावणी येऊ लागली. तिथे एक शेठाणी आहे, त्यांच्याकडे पांढरा केसाळ कुत्रा आहे, मांजरापेक्षा थोडा मोठा. त्याचं नाव मी लिहीत नाही, आपल्या पाटलाच्या थोरल्याचं तेच नाव होतं. गेल्या उन्हाळ्यात त्या कुत्र्याच्या केसांच्या गाठी झाल्या आणि आत कातडी चिघळली. जनावरांच्या डॉक्टरने औषध दिलं आणि केस कापा म्हणाला. कापणार कोण? सबंध सुरतेत त्यांना कोणी मिळेना. सून भुवया करता करता बोलून गेली, "माझे मामा करतील. ते गावाकडे म्हशी भादरायचे."

मी तिच्यावर चिडलो. तिने विचारलं, "का? तुम्हीच तर सांगता मोठ्या तोंडाने!" ती म्हणाली ते खरंच होतं. म्हशी भादरायच्या दिवसांच्या गोष्टी मीच तिला शंभरदा सांगितल्या असतील. फक्त एक गोष्ट सांगितली नव्हती, ती तुम्हाला ठाऊक आहे.

मी बारा वर्षांचा आहे. तुम्ही बाजाराला गेला आहात. पाटलाच्या दोन म्हशी भादरायच्या राहिल्या आहेत. जनावराचा वस्तरा गोठ्याच्या कोनाड्यात, माणसांचा तुमच्या हत्यारांच्या धोकटीत, आणि धोकटी खुंटीवर. जनावराचा बोथट झालाय, म्हशीला ओरखडे पडताहेत, ती शेपटी मारतेय. मी खुंटीवरून धोकटी काढतो. तुमचा वस्तरा लोण्यासारखा चालतो. दोन्ही म्हशी चकचकीत होतात. मग मी तो धुतो, राखेने घासतो, तेल लावतो, होता तसा ठेवतो. संध्याकाळी तुम्ही धोकटी उघडता, वस्तरा नाकाजवळ नेता आणि माझ्याकडे बघता. मला वाटलं होतं मार बसेल. तुम्ही मारलं नाहीत. हळू आवाजात बोललात, म्हणून ते अजून तसंच्या तसं आठवतं: "हत्यारले काय समजस? ज्याना गालले लागस त्याले समजस. माणूस डोया मिटीसन मान पुढे करस, पोऱ्या." मग तो वस्तरा, तुमच्या बापाचा वस्तरा, तुम्ही गोठ्यात नेऊन कोनाड्यात ठेवलात. "आते हाऊ म्हशीसना." पुढे कित्येक महिने तुम्ही उसन्या वस्तऱ्याने गावाच्या दाढ्या केल्यात. नवा घ्यायला पैसे नव्हते. मला एकदाही बोलून दाखवलं नाही.

म्हणून बंगल्यावर जायचं ठरलं तेव्हा मी बाजारातून दोन नव्या कैच्या आणल्या, नवी फणी आणली. सुनेने जुन्या पोत्याची वेगळी धोकटी शिवून दिली, लाल नाडीची. जनावराचं काम करण्यात मला कमीपणा वाटला नाही, हे आधी लिहून ठेवतो. तुम्हालाही कधी वाटला नव्हता. पण घरातून निघताना हात चाळवला आणि तुमची कैची मी सदऱ्याच्या खिशात टाकली. का, ते सांगता येत नाही. नवीन ठिकाण होतं. मला भीती वाटत होती, बरोबर काहीतरी आपलं असावं असं वाटलं. तीच कैची, नाना, सुरतेच्या गाडीत बसवताना तुम्ही खिडकीतून दिलेली, पितळी टिकलीची. गाडी हलली तरी तुम्ही सोडत नव्हता, एक टोक माझ्या हातात आणि एक तुमच्या.

कुत्रा संगमरवरी ओट्यावर उभा होता, थरथरत. शेठाणी माझ्यापेक्षा जास्त घाबरलेल्या. "काका, धीमे धीमे, ए बहु डरे छे," त्या सारख्या म्हणत होत्या. मी म्हटलं, "बेन, मीपण डरतो. आम्ही दोघं बघून घेतो, तुम्ही जरा आत जा." त्या हसल्या पण गेल्या नाहीत. म्हशीसारखा भादरायचा नाही, हे मला बघताक्षणी कळलं. म्हशीची कातडी जाड आणि काळी, याची गुलाबी, उन्हाने भाजली असती. वर दोन बोटं केस ठेवायचे, फक्त गाठी काढायच्या. पाठ झाली, पोट झालं. कानामागची गाठ मात्र कातडीला चिकटली होती, तिथेच जखम. नवी कैची घातली की ती केस चावायची, ओढायची, कुत्रा कळवळायचा. तिसऱ्यांदा तो ओरडला तेव्हा त्याने मला चावायला हवं होतं. त्याने चावलं नाही. डोळे मिटले आणि मान माझ्या मनगटावर टेकवली.

मी खिशातून तुमची कैची काढली. चार वेळा चालवली असेल. गाठ कापसासारखी सुटून आली.

त्यानंतर काम वाढलं. त्या शेठाणींनी शेजारणींना सांगितलं, शेजारणींनी माहेरी. आता दर सोमवारी मी लाल नाडीची धोकटी घेऊन जातो. आज लिहायचं होतं म्हणून गेलो नाही. एका कुत्र्याच्या अंघोळीला आणि केसांना लोक जे देतात ते ऐकलं तर तुम्ही म्हणाल, या लोकांना वेड लागलंय. वेड नाही. ज्यांची मुलं परदेशी गेली, त्यांच्या हाताला गोंजारायला काहीतरी हवं असतं. सून म्हणते, अजून दहा वर्षांनी कुत्र्यांचं वेगळं पार्लर असेल आणि आपण पहिले असू. मला तिचं पटतं. मी कोणत्या कुत्र्याला कोणता साबण चालतो तेही शिकून घेतलंय.

पण लिंबायत ते लिंबायतच. बातमी पोचलीच. गेल्या बुधवारी आपल्या शेजारच्या गावचा एक मुकादम खुर्चीत होता. वीस वर्षांचं गिऱ्हाईक, त्याच्या पोरांची जावळंसुद्धा मीच काढली. मी केस कापायला कैची उचलली, तुमचीच, माणसांना मी तीच वापरतो. त्याने आरशातून पाहिलं आणि माझं मनगट धरलं.

"काका, एक विचारू? राग नका मानू."

"विचार."

"तुम्ही म्हणे कुत्रासना केस कापतस. हाई कैची कुत्राले लावेल शे का?"

बाकावर तिघे होते. एकाने वर्तमानपत्र खाली केलं. दुसरा म्हणाला, "अरे, मग तुला फरक काय पडतो? कुत्रा तुझ्यापेक्षा जास्त अंघोळ करतो." सगळे हसले. मुकादम हसला नाही. हात माझ्या मनगटावर तसाच.

सून पडद्याआडून आली आणि लाल नाडीची धोकटी सगळ्यांसमोर उघडून दाखवली. "हे बघा भाऊ, त्यांचं सामान वेगळं. वेगळी कैची, वेगळी फणी, धुवायची बादलीसुद्धा वेगळी. मामांना विचारा." आणि सगळ्यांनी माझ्याकडे पाहिलं. तिला बंगल्यातलं काही ठाऊक नाही, ती त्या दिवशी आतल्या खोलीत शेठाणीच्या सासूला मेंदी लावत होती.

मी म्हणालो, "नाही. ही फक्त माणसांची."

मुकादमाने मनगट सोडलं. "झालं तर मग," म्हणाला, डोळे मिटले आणि मान पुढे केली.

नाना, मी त्याचे केस कापले. चांगले कापले. तो आरशात मान वळवून वळवून बघून खूश होऊन गेला. कैची मी बंगल्यावरून आल्यावर औषधाच्या पाण्यात उकळलीही होती, तीनदा. तिच्यात काही नाही हे मला ठाऊक आहे. डॉक्टरसुद्धा तेच सांगेल. पण तुमचा वस्तराही मी राखेने घासला होता.

तुमच्या रीतीने पाहिलं तर ती कैची आता लाल नाडीच्या धोकटीत जायला हवी. पण तिची पितळी टिकली सगळे ओळखतात. तिथे ठेवली आणि उद्या कोणी विचारलं की कैची कुठे गेली, तर मी सांगितलेलं खोटं बाहेर पडेल आणि वीस वर्षांची गिऱ्हाइकं चार पावलं चालून दुसरीकडे बसतील. सुनेने सगळ्यांसमोर माझ्या भरवशावर धोकटी उघडली, तिला मी काय तोंड दाखवू? आणि इथेच ठेवली तर रोज एकेक माणूस डोळे मिटून मान पुढे करणार. मी गेल्या बुधवारपासून ती कुठल्याच धोकटीत ठेवलेली नाही. आरशाच्या मागे एक खिळा आहे, त्याला टांगली आहे. गिऱ्हाइकांना सांगितलंय की धार लावायला दिली आहे. म्हणजे हे दुसरं खोटं.

हे पत्र कुठे टाकणार, पत्ता काय लिहिणार. घडी करून त्याच खिळ्याला लावतो. कुत्र्याच्या कानामागून कैची चालवल्याचा मला पस्तावा नाही, तेवढं मात्र तुम्हाला न घाबरता सांगतो. तुम्हीही चालवली असती. पस्तावा 'नाही' म्हटल्याचा आहे. मुकादम महिन्याच्या महिन्याला येतो, म्हणजे अजून तीन आठवडे आहेत. त्याच्या आत, स्वप्नात या, कोणाच्या तोंडून सांगा, कसंही, पण कैचीचं काय करू ते लवकर कळवा.