डोंगरावर थांबलेला ढग

३ सप्टें.
मिनूचा फोन. कोकणात, समुद्राकाठच्या डोंगरावर हवामानाच्या नोंदी घ्यायला लागून महिना झाला. आज होड्यांसाठीचा सकाळचा इशारा पहिल्यांदाच एकटीनं दिला! "शिखरावर ढग आहे, पण जागचा हलत नाही. म्हणून वारा मंद लिहिलं." हे बाजूलाच उभे. "बराबर लिवलं. आपल्या धानाच्या बांधीत नाई का, ढग थांबला म्हनजे वारा मेला." बापलेकीची विद्या.

४ सप्टें.
चुकलं. काल दुपारी असा वारा सुटला की... माणसं परतली, देवाची कृपा. एका म्हाताऱ्याचं जाळं गेलं. त्यानंच मिनूला समजावलं म्हणे, तो ढग थांबलेला नसतोच. वारा समुद्राकडून डोंगर चढतो तिथं ढग बनतो, पलीकडं उतरतो तिथं विरतो. आपल्याला वाटतं एकच आहे. जितका ठाम दिसेल, तितका वर वारा जोराचा.
कॉन्व्हेंटात सिस्टरनी समुद्री वारे निळ्या पेन्सिलीनं काढून घेतले होते. मला दहापैकी दहा. हे मात्र ठाऊक नव्हतं.

६ सप्टें.
मिनूच्या साहेबांनी तिला नागपूरला टेबलाचं काम देऊ केलं. माझा जीव हरखला, लेक दोन तासांवर. तिनं नाही म्हटलं. चूक स्वतःच्या सहीनं लिहून दिली आणि सकाळच्या इशाऱ्याचं काम परत मागितलं. दिलंय. आता चुकली तर मात्र नागपूर.
माझीच का ही? केवढी झाली.

७ सप्टें.
टपरीवर गुलाबभाऊंनी ह्यांना चिडवलं. "काऊन जी, पोरगी ढग पाहाले गेली अन् वाराच इसरली?" ज्यांनी जन्मात चूक कबूल केली नाही ते हे म्हणाले, "तिची नाई, माही चुकी. मीच शिकवलं तिले." घरी येऊन जेवायला बसले. मी न विचारता तूप वाढलं.

११ सप्टें.
साडेसहाला फोन. शिखरावर तसाच ढग, खाली समुद्र मात्र अगदी शांत. तिनं होड्या थांबवल्यात. कोळणी चिडल्या, "बाजार बुडवलास आमचा!" म्हातारा नुसता वर बघत बसलाय.
"आई, वारा नाहीच आला तर?"
"सांगितलंस ना? मग जा, त्यांच्यात जाऊन उभी राहा."
गेलीसुद्धा.
सव्वाबारा. फोन नाही. हे आज बांधीत गेले नाहीत, अंगणात खाटेवर बसून आहेत. आता म्हणतात, "वारा आला तर पोरगी हुशार. नाई आला तर वाऱ्याची चुकी."