विहीर खोदणाऱ्याचा सत्कार

बाबा, काल घर रंगवायला आलेला माणूस नळाखाली ओंजळ धरून पाणी प्यायला आणि मला तुमचा तो रशियन रंगारी आठवला. इतकी वर्षं मी त्याचा विषय घरात निघू दिला नव्हता.

बहरीनला, जुफैर भागातल्या एका बिल्डिंगमध्ये तुम्ही एसी दुरुस्त करत होतात, तो भिंती रंगवत होता. तो असाच ओंजळीनं पाणी प्यायला आणि तुमच्या हातातला पाना थांबला. नागपुरात युनियननं पडदा लावून दाखवलेल्या रशियन पिक्चरमधला विहीर खोदणारा हाच. चार मिनिटांचा रोल. नव्या विहिरीचं पहिलं पाणी गावातले मोठे लोक नाही, तो पितो. तुमच्या आजोबांना गावच्या विहिरीवर चढू देत नव्हते. तुम्ही ते कसं विसरणार? सोव्हिएत देश मोडला, पिक्चरचं काम सुटलं, म्हणून तो रंगकामाच्या व्हिसावर तिथे आला होता. "विचारलं तर रडला वो बिचारा," तुम्ही आईला सांगत होतात.

भाड्याच्या हॉलमध्ये आपल्या लोकांचा जयंतीचा कार्यक्रम व्हायचा, त्यात त्याचा सत्कार करायचं तुम्हीच ठरवलंत. बाब अल बहरीनच्या बाजारातून शाल आणलीत. सूत्रसंचालन माझ्याकडे, मी सोळा वर्षांची. माझा उच्चार चुकू नये म्हणून त्याचं नाव यादीत तोडून तोडून लिहून दिलंत. शुक्रवारी तो इस्त्रीचा कोट घालून आला, नखांत पांढरा रंग तसाच. तिसऱ्या रांगेत माझ्या वर्गातल्या मुली होत्या. त्यांतली एक म्हणाली, "दॅट्स अवर पेंटर, नो?" आणि हसली. माझे कान तापले. त्याचं नाव आलं तेव्हा मी सरळ आभारप्रदर्शनावर गेले. तुम्ही शाल घेऊन अर्धे उठला होतात, परत बसलात. शेवटच्या रांगेत तो माझ्यासाठी टाळ्या वाजवत होता.

गाडीत तुम्ही विचारलंत, "टाइम सरला होता काय, बाई?"

"हॉलवाल्यानं आटपा आटपा, यल्ला यल्ला लावलं होतं," मी म्हणाले.

"चारच मिनटं लागले असते," एवढंच बोललात. दुसऱ्या दिवशी शाल द्यायला गेलात, आणि पोरीचा दोष नाही, हॉल खाली करायचा होता, असं त्याला सांगून आलात. माझं खोटं तुम्ही खरं समजून त्याच्यापर्यंत नेलंत. मला त्याचीच जास्त लाज वाटते.

तुमच्या आजारपणात हे सांगायला मी तीनदा खाटेशी बसले आणि तिन्ही वेळा उशी नीट करून उठले. आता तुम्ही गेलात, हे लिहिलेलं तुमच्या हाती पडणार नाही, म्हणूनच धीर होतोय. हॉलवाला तेव्हा बाहेर चहा पीत होता, बाबा. अजून अर्धा तास होता.