साखळीवाले पणजोबा

प्रिय खारूताई,

तुझं पुस्तक तिसऱ्यांदा छापायला गेल्याची बातमी तुझ्या वहिनीनं मला वर्तमानपत्रातून वाचून दाखवली. तू स्वतः कळवलं नाहीस म्हणून मी रुसलेलो नाही. गेल्या महिन्यात तुझे दोन फोन मीच उचलले नाहीत. दादा कामात आहे, असं वहिनीनं तुला सांगितलं, पण ते तिच्याकडून मीच वदवून घेतलं होतं. काम काही नव्हतं. खुर्चीत बसून वाजणाऱ्या फोनकडे बघत होतो.

तू सहा वर्षांची असताना माळ्याच्या शिडीवरून पडलीस आणि नऊ आठवडे प्लॅस्टरमध्ये होतीस, ते तुला जेवढं आठवतं त्याहून मला जास्त आठवतं. आई शिवणाच्या कारखान्यात दिवसपाळीला जायची. मी तेरा वर्षांचा. शाळा सुटली की पळत घरी यायचो, तर तू खिडकीजवळच्या खाटेवर विणायची सुई प्लॅस्टरमध्ये खुपसून खाजवत बसलेली असायचीस. मला पाहिलं की पहिला शब्द, गोष्ट. माझ्याकडच्या सगळ्या गोष्टी तिसऱ्या दिवशी संपल्या. राजाराणी तुला चालत नव्हते, ससाकासव तर मुळीच नाही. शेवटी मी भिंतीवरच्या खिळ्याला टांगलेल्या पितळी बिल्ल्याकडे बोट दाखवलं. पणजोबा साहेबांच्या मोजणीत साखळी ओढायचे आणि तो बिल्ला त्यांचा, एवढंच आईला माहीत होतं. तेवढ्या भांडवलावर मी दुकान थाटलं.

साहेबांची टोळी लोखंडी साखळी घेऊन मुलूख मोजत येते. जो डोंगर मोजून कागदावर उतरतो तो मुका होतो. त्याचे झरे मुलांशी बोलेनासे होतात, त्याच्या वाटा आपल्याच माणसांना ओळखेनाशा होतात. शेवटी एकच डोंगर बोलका उरतो. तो मी दुसरीकडून कुठून आणणार? तुझ्या खाटेवरून दिसायचा तोच घेतला, दोन शेंड्यांचा. त्याच्या पाठीशी एक लपलेलं गाव. आणि त्या गावाला वाचवायला आपले पणजोबा मुद्दाम चुकीचं मोजतात, सत्तेचाळीसनंतर एकदम साठ म्हणतात. एकेक आकडा चुकला की डोंगर हातभर बाजूला सरकतो. साहेब रोज सकाळी कागद काढतो, तर डोंगर जागेवर नाही. तू इतकी हसायचीस की आई म्हणायची, प्लॅस्टर फुटेल गं बाई.

ती गोष्ट तू मोठी केलीस, तिचं पुस्तक केलंस. झऱ्याला तू भाषा दिलीस, साहेबाच्या दुर्बिणीत अडकलेला वारा तुझा, स्वतःच्या सावलीला वेणी घालणारी ती मुलगीही तुझी. मला असलं काही सात जन्मांत सुचलं नसतं. पहिल्या पानावर मात्र तू छापलंस, ‘दादाला, ज्यानं डोंगर हलवला.’ ते पान मी अजून नीट वाचू शकलेलो नाही.

माझं काम तुला माहीत आहे. फाटके नकाशे, भिजलेल्या वह्या, खळ, ब्रश आणि टिपकागद. अकरा वर्षांपूर्वी आमच्या दप्तरखान्याच्या तळघरात नळ फुटला आणि मोजणीखात्याची जुनी कागदपत्रं भिजली. त्यात एका मोजणी साहेबाची रोजनिशी होती. एकेक पान सुटं करून टिपत होतो. काम करताना वाचायचं नाही, असं मी नव्या लोकांना शिकवतो. पण मधेच एका पानावर आपल्या बिल्ल्यावर कोरलेला आकडा दिसला आणि मी वाचलं.

त्या बिल्ल्याच्या माणसाला दोन शेंड्यांच्या डोंगरावरच्या, मोजणी होऊ न देणाऱ्या गावाकडे झऱ्यामागून वर जाणारी चोरवाट ठाऊक होती, असं साहेबानं लिहिलंय. त्यानं ती दाखवली. बक्षीस म्हणून त्याला रस्त्याच्या खालची जागा देण्यात आली. सात दिवसांनी त्याच वाटेनं शिपाई वर गेले. एकेचाळीस घरं जाळली आणि माणसं खाली हाकलली. पुढच्या नकाशात गावाचं नाव नाही, नुसतं ‘पडीक’ असं लिहिलंय. आणि रस्त्याच्या खालची ती जागा म्हणजे आपलं घर, खारूताई. तुझी खाट होती ते.

त्यांनी असं का केलं, धाकानं की लोभानं, मला माहीत नाही. पुढे दोन आठवड्यांनी साहेब एवढीच तक्रार करतो, की या माणसाची मोजणी आता सारखी चुकते, एकच पट्टा तीनदा मोजावा लागला. ती ओळ वाचून मी ब्रश खाली ठेवला आणि त्या दिवशी दुसरं काही केलं नाही.

पुस्तक पहिल्यांदा छापायला गेलं तेव्हा तू फोन केला होतास. म्हणालीस, दादा, यातलं काहीतरी खरं असेल ना? मी म्हणालो, पणजोबा मोजणीत चुका करायचे हे खरं आहे. तू किती खूश झालीस. मी अर्धंच बोललो आणि तुला ते पूर्ण वाटलं. तेव्हाच सांगायला हवं होतं. पण तुझा आनंद मोडायचा धीर झाला नाही, आणि तुझ्या गोष्टीतले पणजोबा मलाही हवे होते.

गेल्या महिन्यात दप्तरखान्यात एक बाई आल्या, आपल्या गावाचा जुना नकाशा शोधत. निवृत्त परिचारिका, गुडघ्यांनी बेजार. बरोबर नऊ वर्षांची नात. नातीच्या काखेत तुझं पुस्तक, प्लास्टिकचं कव्हर घातलेलं. तुझ्या खिडकीतला दोन शेंड्यांचा डोंगर पानावर दाखवून ती मला म्हणाली, “हा आमचा आहे. आजीच्या आजीचं घर इथे होतं. पुस्तकात साखळीवाला गाव वाचवतो. आजी म्हणते, खालच्या कुणीतरी वाट दाखवली म्हणून गाव जळलं. कुणाचं बरोबर?”

बघून सांगतो म्हणून मी आत गेलो. नकाशांच्या कपाटापाशी जरा वेळ उभा राहिलो. तुझे फोन आले ते त्याच आठवड्यातले. शेवटी दोन्ही नकाशे काढले, जुना आणि नवा, आणि बाहेर येऊन टेबलावर पसरले. जुन्यावर गावाच्या नावाखाली बोट ठेवलं. आजींनी ते नाव ओठ हलवत वाचलं आणि चष्मा काढून पदरानं पुसत राहिल्या. गावाचं नाव लिहिलेलं त्यांनी आयुष्यात पहिल्यांदा पाहिलं. मग मी म्हणालो, “आजींचं बरोबर आहे. वाट दाखवणारा माणूस माझा पणजोबा.”

नातीनं विचारलं, “मग पुस्तकातला कोण?” मी म्हणालो, तो मी बनवला, माझ्या धाकट्या बहिणीचा पाय मोडला होता म्हणून. तिनं जरा विचार केला आणि म्हणाली, “त्याचं काही नाही. पण पाय बरा झाल्यावर सांगायचं ना.”

वय वर्षं नऊ. मी साठीला आलेला माणूस, मान खाली घालून नकाशांच्या घड्या घालू लागलो.

आजी परवा पुन्हा आल्या, एकट्याच. त्यांना रागवायचं नव्हतं. म्हणाल्या, मरण्याआधी एकदा ती जागा बघायची आहे, पण वर जायची वाट आता कुणालाच माहीत नाही. खरंच नाही. कुठल्याही नकाशात ती नाही, फक्त त्या रोजनिशीत आहे, झाडं आणि दगड यांच्या खुणांसकट. मी ती उतरवून काढली आहे. येत्या रविवारी सकाळी सात वाजता मी त्या दोघींना घेऊन जातो आहे. तुझी वहिनी गाडी चालवेल. तू पुस्तक मागे घ्यावंस किंवा बदलावंस, असं सांगायला हे पत्र लिहिलेलं नाही, ते तुझं तू ठरव. हे लिहिलं ते एवढ्यासाठी, की त्या घरांच्या जोत्यांपाशी मला एकट्यानं उभं राहायचं नाही, आणि तिथे उभं राहायचा जेवढा माझा संबंध तेवढाच तुझाही. तू चिडशील, आणि तो तुझा हक्क आहे. पण ये. भांडायचं असेल ते चढावर भांडून घे. चढ उभा आहे, मला दम लागतो, मी मधे बोलणार नाही.

तुझाच,
दादा