गंगापूजा : सात ते सात-दहा

विराजपेट,
१२ मार्च, बुधवार

देचू अक्कास धाकट्या पोन्नूचा नमस्कार.

म्हैसूरला उन्हाळा लागला असेल. भावोजींची साखर कितीवर आहे, आणि ते अजून चोरून जिलबी खातात का, हे दोन्ही कळव. इकडे सर्व खुशाल आहे असं मी आधी लिहिलं होतं, पण ते खरं नसल्यामुळे खोडलं. (खोडलेलं तुला दिसेलच. नवा कागद घेणार होते, पण मग तुझ्यापासून काही लपवल्यासारखं झालं असतं.) अव्वाची तब्येत चांगली आहे, मी थकले आहे आणि लग्न पाच आठवड्यांवर आलं आहे, एवढं मात्र शपथेवर सांगता येईल.

त्रेचाळिसाव्या वर्षी लग्न करताना निदान आपल्याला काय हवंय ते तरी ठाऊक असतं, अशी माझी समजूत होती. साडीचंच ऐक. लाल घेतली. घरी आल्यावर वाटलं, या वयात इतका लाल रंग म्हणजे लोकांना डोळे मिटून जेवावं लागेल. बदलून तपकिरी आणली. अव्वा, सख्खी आई असून, म्हणाली, "खळ्यावर वाळत घातलेल्या कॉफीसारखी दिसशील, कोणीतरी दाताळ्याने पसरायला येईल." पुन्हा दुकानात गेले तर पहिली लाल विकली गेलेली. आता दुसरी लाल आहे, तिचे काठ दोन बोटं जास्त रुंद आहेत, आणि गेले बारा दिवस मी त्या दोन बोटांचा विचार करते आहे. हॉलचंही तसंच. एका हॉलला गंगापूजेची विहीर जवळ आहे, दुसऱ्यात गाड्यांना जागा आहे. नवरदेवाला, म्हणजे चेंगप्पाला, विचारलं तर म्हणाला, "दोन्हीकडे छप्पर आहे." (हा त्याचा स्वभाव. वाईट नाही, पण पाच आठवडे राहिले असताना उपयोगीही नाही.) माझ्या रोजनिशीत मी डाव्या पानावर निर्णय आणि उजव्या पानावर शंका लिहिते. उजवी पानं केव्हाच भरली, आता शंका निर्णयांच्या समासात घुसल्या आहेत.

पण खरा घोळ लग्नपत्रिकेत झाला. वीस वर्षं ग्रंथालयात मान खाली घालून बसल्याने माझ्या मानेचं काय झालंय ते तुला ठाऊक आहे. डॉक्टरांनी दोन किलोच्या वर उचलायचं नाही असं बजावलंय. (पाण्याचं वजन घागरीपासून वेगळं धरायचं का, असं मी विचारलं. त्यांनी पुढच्या पेशंटला बोलावलं.) आणि गंगापूजेला सुनेच्या डोक्यावर भरलेल्या घागरी, पुढे वाट अडवून नाचणारं अख्खं सासर, आणि त्यांचं मन भरेपर्यंत तिने घरात पाऊल टाकायचं नाही! तू पावणेदोन तास उभी राहिलीस आणि एक थेंब सांडला नाही, हे अव्वा आजही पाहुण्यांना कॉफी यायच्या आत सांगते. मी विचार केला, ऐन वेळी कोसळून सगळ्यांची पंचाईत करण्यापेक्षा आधीच प्रामाणिकपणे कळवावं. म्हणून पत्रिकेतल्या कार्यक्रमात छापलं, 'गंगापूजा : सायं. ७.०० ते ७.१०'. चेंगप्पाने नमुना पाहिला आणि म्हणाला, "छपाई स्वच्छ आहे." अव्वाने चष्मा न लावता मान डोलावली. साडेतीनशे पत्रिका गेल्या. मग अव्वाने चष्मा लावला.

"हे लग्न आहे की बसचं वेळापत्रक?" ती म्हणाली. "सात-दहाची चुकली तर पुढची कधी आहे?"

हसण्यावारी गेलं असतं, पण एक पत्रिका माचय्या काकांकडे गेली होती. चेंगप्पाचे मोठे काका, वय एकोणऐंशी. चेंगप्पा नऊ वर्षांचा असताना त्याचे वडील गेले, तेव्हापासून यांनीच त्याला वाढवलं. त्या घरात आलेल्या अकरा सुनांपुढे नाचाचं पहिलं पाऊल यांनी टाकलंय. बारावी मी. पुतण्या लग्नच करीना म्हणून वीस वर्षं वाट पाहिली त्यांनी. पत्रिका वाचून त्यांनी निरोप पाठवला, "दहा मिनिटांत माझी पगडीसुद्धा सरळ होत नाही. तुमचं तुम्ही उरका, मी घरीच बरा." चेंगप्पा माझ्यावर रागावला नाही. पत्रिकेची घडी घातली आणि म्हणाला, "ते नसतील तर त्या दिवशी मी पहिल्यांदा पाया कुणाच्या पडू?" आठ महिन्यांत त्याचं एवढं लांब वाक्य मी ऐकलं नव्हतं.

रविवारी संत्र्यांची टोपली आणि माफीचा कागद घेऊन गेले. (तिसरा खर्डा. पहिल्यात मी स्वतःला फार दोष दिला होता, दुसऱ्यात मानेला.) काका पडवीत खुर्चीवर बसले होते. उठले नाहीत. तलाठी आला तरी उठून उभा राहणारा माणूस, अक्का! बोळ्ळम्मा काकूंनी कॉफी दिली. मी कागद वाचून दाखवला.

"झालं?" त्यांनी विचारलं.

"हो."

"अक्षर कसं आहे?"

मी कागद पुढे केला. त्यांनी लांब धरून पाहिला. "चांगलं आहे. तारीखसुद्धा घातलीस." मग म्हणाले, "अकरा पोरी आल्या या घरात. एकीनेही घड्याळ लावलं नव्हतं."

मी म्हटलं, "काका, वाटेल तेवढं नाचा. मी उभी राहीन."

"आणि मानेचं काय?"

"मान माझी आहे, मी बघेन."

त्यांनी टोपलीतलं एक संत्रं दाबून पाहिलं आणि म्हणाले, "बघू." फाटकापर्यंत सोडायलाही आले नाहीत. घरी येऊन मी त्या 'बघू'वर तीन पानं लिहिली, तरी त्याचा अर्थ लागला नाही.

एक गोष्ट मात्र तुलाच सांगते. एवढ्या शंका लिहिल्या, त्यात चेंगप्पाबद्दल एकही नाही. हे लक्षात आल्यावर मला त्याचीच शंका आली. म्हणून एक कोरं पान काढलं, वर त्याचं नाव लिहिलं आणि तासभर बसले. अव्वा आत येऊन, पान पाहून म्हणाली, "दुसरं काही सुचत नसेल तर कांदे चिर." ते पान अजून कोरंच आहे.

भावोजींना नमस्कार, मुलींना पापा.

तुझी,
पोन्नू

ता. क. — पाकीट चिकटवणार तोच बोळ्ळम्मा काकूंचा फोन आला. काका येणार आहेत. पण आवाज बारीक करून त्यांनी आणखी एक सांगितलं. साखरपुडा झाल्यापासून काका रोज सकाळी कॉफीच्या खळ्यावर एकटेच नाचायचा सराव करत होते, आणि पत्रिका पोचायच्या आठवडाभर आधी तिथेच त्यांचा डावा गुडघा गेला. उठता येत नाही हे कुणाला कळू द्यायचं नव्हतं. "तुझी पत्रिका आली आणि घरी बसायला बरं निमित्त मिळालं गं त्यांना," काकू म्हणाल्या. ते निमित्त मी रविवारी जाऊन, संत्र्यांसकट, काढून घेतलं. आता ते पडेपर्यंत नाचणार.

ता. क. २ — म्हणून ही विनंती. गंगापूजेला तू माझ्या मागे उभी राहा. नजर त्यांच्या डाव्या पायावर ठेव. तो पहिल्यांदा लटपटला की "पोन्नूची मान!" म्हणून ओरड, वाजंत्रीच्या वर ऐकू जाईल असं. नवरीच नाजूक निघाली म्हणून सासर नावं ठेवील, ठेवू दे. हे खोटं होईल का, याचा मी विचार केला. मान दुखते हे खरंच आहे, फक्त ते कधी सांगायचं हे त्यांचा गुडघा ठरवणार. तेव्हा चालेल.

ता. क. ३ — मागच्या अंगणात पाण्याची घागर डोक्यावर घेऊन मीही सराव करते आहे. (अव्वाला कळवू नकोस, डॉक्टरांनाही.) काल पन्नास मिनिटं उभी राहिले. आज सकाळपासून मान अजिबात दुखत नाही. म्हणजे आता ते सरळसरळ खोटं होईल. पुन्हा विचार केला. तरीही ओरड.